थंड पाण्यातला बाजार : सांताक्रूझच्या लाटा आणि एका अंगरख्याची कथा

'सांताक्रूझ' म्हटले की आमच्या वाचकांना मुंबईचे उपनगर आठवते. आज आम्ही लिहीत आहोत ते दुसऱ्या सांताक्रूझविषयी. हे गाव अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर, कॅलिफोर्निया राज्यात, सॅन फ्रान्सिस्कोपासून मोटारीने दक्षिणेस दीड-दोन तासांच्या वाटेवर आहे. मॉन्टेरे उपसागराच्या उत्तरेकडील काठावर वसलेले, साठ हजारांच्या आसपास लोकसंख्येचे. म्हणजे आपल्याकडील एखाद्या तालुक्याच्या गावाएवढे. परंतु फळीवर उभे राहून लाटेवर स्वार होण्याचा जो खेळ आहे, ज्याला सर्फिंग म्हणतात, त्याच्या व्यापारात या गावाचे नाव मोठे आहे.

आम्ही कापडाच्या धंद्यातली माणसे. समुद्रातल्या खेळाशी आमचा काय संबंध, असे कोणी विचारील. संबंध असा की या गावचा सर्व बाजार एका कपड्यावर उभा राहिला. तो कपडा नव्हता तेव्हा शौकीन होते, लाटा होत्या, फळ्याही होत्या. पण धंदा नव्हता. कपडा आला आणि धंदा आला. मात्र तो धंदा गावच्या कारागिराच्या हाती किती राहिला, हाही या कथेचा भाग आहे आणि तोच आम्हाला अधिक महत्त्वाचा वाटतो.

हंगाम लाटांचा आणि थंडीचाही

प्रथम तेथील पाण्याविषयी. कोकणच्या समुद्रात आपण केव्हाही उतरू शकतो. सांताक्रूझला तसे नाही. उत्तरेकडून येणारा थंड प्रवाह त्या किनाऱ्याला लागून वाहतो. त्यात वसंत ऋतूमध्ये वायव्येचा वारा सुटला की तो वरचे पाणी किनाऱ्यापासून दूर ढकलतो आणि खोल समुद्रातील अधिक थंड पाणी वर येते. त्यामुळे पाण्याचे तापमान बहुतेक वर्षभर १० ते १५ अंश सेल्सिअसच्या दरम्यान राहते. एवढ्या थंड पाण्यात उघड्या अंगाने उतरलेल्या माणसाची बोटे थोड्याच वेळात बधिर होतात.

अडचण एवढ्यावर थांबत नाही. मोठ्या लाटा येतात त्या हिवाळ्यात, उत्तर पॅसिफिक महासागरात वादळे उठतात तेव्हा. म्हणजे लाटांचा हंगाम आणि थंडीचा हंगाम एकच. माल उत्तम येतो त्याच महिन्यांत गिऱ्हाईक घराबाहेर पडत नाही. व्यापारी वाचकांना या कोंडीचा अर्थ वेगळा सांगायला नको.

राजपुत्रांच्या फळ्या

या गावात लाटेवर स्वार होण्याची पहिली नोंद १८८५ सालची आहे. हवाई बेटांच्या राजघराण्यातील तीन भाऊ, डेव्हिड कावानानाकोआ, एडवर्ड केलिइआहोनुई आणि जोनाह कुहिओ, सॅन मटेओ येथील शाळेत शिकत होते. सुटीत ते सांताक्रूझला आले. तेथे मुबलक मिळणाऱ्या रेडवुड लाकडाच्या, पंधरा फुटांहून लांब फळ्या त्यांनी करवून घेतल्या आणि सॅन लोरेन्झो नदीच्या मुखाशी लाटांवर उभे राहून दाखविले. त्या वर्षीच्या जुलैमध्ये गावच्या वर्तमानपत्राने त्याची बातमी दिली. अमेरिकेच्या मुख्य भूमीवरील सर्फिंगची ही पहिली लेखी नोंद मानली जाते.

म्हणजे खेळ आला तो हवाईहून, उबदार पाण्यातून. लाकूड होते गावचे. पण पुढील पन्नास-साठ वर्षे हा शौक मोजक्या तरुणांपुरताच राहिला. १९३०च्या दशकात गावात सर्फिंग क्लब निघाला. ही मुले किनाऱ्यावर शेकोटी पेटवीत, पाण्यात जात, कुडकुडत बाहेर येत आणि अंग शेकून पुन्हा जात. कोणी लोकरीचा स्वेटर घालून उतरे. लोकर ओली झाली की जड होते आणि खाली ओढते, हे आम्ही कापडवाल्यांनी सांगायला हवे असे नाही. त्या स्वेटरवर पाणी अडविणारे तेलकट रसायन फवारण्याचेही प्रयोग झाले. इलाज सर्वांना हवा होता, पण तो शिवून देणारा कोणी नव्हता. पुढे दुसरे महायुद्ध आले, तरुण सैन्यात गेले आणि क्लबही ओस पडला.

पाच मित्रांचे गिऱ्हाईक

जॅक ओ'नील यांचा जन्म १९२३चा. युद्धकाळात ते नौदलाच्या वैमानिक विभागात होते. युद्धानंतर सॅन फ्रान्सिस्कोत येऊन त्यांनी विक्रीची निरनिराळी कामे केली आणि वेळ मिळेल तेव्हा ते समुद्रात उतरत. पाण्यात अधिक वेळ थांबता यावे म्हणून त्यांनी पोहण्याच्या चड्डीत मऊ प्लास्टिकच्या फोमचे तुकडे कोंबून पाहिले. फोम जेथे होता तेथे ऊब राहिली. मग त्याच कल्पनेची बिनबाह्यांची बंडी केली.

१९५२ साली त्यांनी समुद्राजवळच्या एका गॅरेजमध्ये दुकान मांडले. नाव ठेवले 'सर्फ शॉप'. थोड्या फळ्या, फळीवर पाय घसरू नये म्हणून लावायचे मेण आणि या बंड्या, एवढाच माल. मित्रांनी सांगितले की ओळखीच्या पाच जणांना विकशील आणि मग दुकान बंद करशील. हा सल्ला चुकीचा होता असे आम्ही म्हणणार नाही. त्या दिवशी मोजली तर गिऱ्हाइके खरोखरच तेवढी होती. मित्रांनी पाण्यात असलेली माणसे मोजली. थंडीमुळे काठावर उभे असलेले लोक त्यांच्या हिशेबात आले नाहीत.

१९५९ साली ओ'नील यांनी बिऱ्हाड आणि दुकान सांताक्रूझला हलविले. वेळही अनुकूल होती. त्याच वर्षी 'गिजेट' नावाचा चित्रपट आला आणि सर्फिंगची हौस अमेरिकाभर पसरली. जड लाकडी फळ्यांच्या जागी हलक्या फोमच्या फळ्या त्याच सुमारास आल्या. दक्षिण कॅलिफोर्नियाच्या कोमट पाण्यात गर्दी वाढू लागली आणि थंड पाण्याचा किनारा मोकळा होता. मालाच्या प्रदर्शनांत ओ'नील आपल्या मुलांना हा कपडा घालून बर्फाच्या पाण्यात बसवीत. मुले हसत बसलेली पाहून गिऱ्हाइकाला वेगळ्या जाहिरातीची गरज उरत नसे.

पेटंट नाही, मग राखायचे काय?

येथे एक गोष्ट न्यायाने सांगितली पाहिजे. हा ओला कपडा, म्हणजे वेटसूट, कोणी शोधला यावर पुष्कळ वाद झाले. ओ'नील यांचे नाव घेतले जाते, तसेच दक्षिण कॅलिफोर्नियातील मायस्ट्रेल बंधूंचेही. परंतु मूळ कल्पनेचे श्रेय आता ह्यू ब्रॅडनर यांना दिले जाते. ते बर्कली विद्यापीठातील भौतिकशास्त्रज्ञ. १९५१-५२ साली पाणबुड्यांसाठी काम करताना त्यांनी ओळखले की ऊब राखायला अंग कोरडे असण्याची गरज नाही. कपड्यात हवेचे बारीक बुडबुडे बंद असले की पुरे. अंग आणि कपडा यांच्यामध्ये जे थोडे पाणी शिरते ते शरीराच्या उष्णतेने तापते आणि बुडबुडे ती उष्णता बाहेर जाऊ देत नाहीत.

यासाठी लागणारे निओप्रीन हे कृत्रिम रबर ड्यू पॉन्ट कंपनीने १९३०च्या सुमारास काढले होते आणि त्याचा फोम बाजारात मिळत होता. ब्रॅडनर यांना या कपड्यातून पैसा मिळाला नाही आणि कल्पनेवर कोणाचा मक्ताही राहिला नाही. रबर सर्वांना खुले, कल्पना सर्वांना खुली. मग एका दुकानदाराचा माल चालला आणि दुसऱ्याचा नाही, हे कशावर ठरले? ते ठरले शिवणीवर, अस्तरावर आणि मापावर.

शिवणीचे हुन्नर

पहिले वेटसूट म्हणजे नुसते उघडे रबर. ते अंगाला चिकटे. अंगाला पावडर चोपडल्याशिवाय आत शिरता येत नसे आणि जोराने ओढले की नख लागून फाटे. त्यावर उपाय निघाला तो कापडाचा. रबराच्या पत्र्याला नायलॉनचे विणलेले कापड चिकटवायचे. कपडा सहज चढू लागला, टाका धरू लागला, टिकू लागला. रबराच्या मालाला खरी किंमत आली ती अस्तरामुळे. ओ'नील यांच्या कारखान्याने हे अस्तर लवकर आणि जोमाने वापरले.

दुसरा प्रश्न शिवणीचा. आम्ही पावसाळ्यात रेनकोट विकतो. 'पाणी आत येते' अशी तक्रार घेऊन गिऱ्हाईक येते तेव्हा कोट उलटा करून पाहिला तर कापड ठीक असते. पाणी येते ते सुईच्या भोकांतून. वेटसूटचे दुखणे नेमके हेच. सुई आरपार गेली की प्रत्येक टाक्यातून थंड पाणी शिरते. म्हणून रबराच्या कडा आधी सिमेंटसारख्या गोंदाने एकमेकींना टेकवून चिकटवितात. मग आपल्याकडील तुरपाईसारखा टाका घालतात, ज्यात सुई अर्ध्या जाडीपर्यंत जाते आणि त्याच बाजूने बाहेर येते. पलीकडे भोक पडत नाही. चांगल्या मालात वरून पट्टी किंवा पातळ रबराचा थरही देतात. स्वस्त मालात ओव्हरलॉकची शिवण असते. ती झटपट होते, पण आतून बोचते आणि पाणी घेते. दोन वेटसूट टांगलेले असले तर जाणकार आधी शिवण उलटून पाहतो.

तिसरे माप. हा कपडा ढिला झाला तर प्रत्येक हालचालीला जुने कोमट पाणी बाहेर आणि नवे गार पाणी आत. घट्ट झाला तर हात उचलत नाही, आणि फळीवर पालथे पडून हातांनी पाणी मारत जायचे असल्याने खांद्यावरच सर्व ताण येतो. म्हणून छातीला जाड आणि हातापायांना पातळ रबर वापरतात. कपड्यावर '४/३' असा आकडा असतो, त्याचा अर्थ धडाला ४ मिलिमीटर आणि हातापायांना ३. सांताक्रूझमध्ये हीच जाडी बहुतेकांना लागते. हे सर्व कटिंगच्या फर्म्यात बसवायचे आणि उंच, ठेंगू, जाड, बारीक, बायका, मुले, सर्वांची मापे दुकानात ठेवायची. माल अडकून पडण्याचा धोका मोठा. पण एक फायदाही आहे. खारे पाणी आणि ऊन यांमुळे नेहमी वापरातला कपडा काही हंगामांत विटतो आणि तेच गिऱ्हाईक पुन्हा दुकानात येते. आज चांगला वेटसूट साधारण २०० ते ५०० डॉलरला पडतो.

एक दोरी आणि एक डोळा

कपड्यामागून इतर माल आला. पूर्वी फळी सुटली की ती थेट खडकांवर जाऊन आपटे आणि माणसाला गार पाण्यातून पोहत मागे जावे लागे. सांताक्रूझच्या 'स्टीमर लेन' या प्रसिद्ध जागी तर काठ म्हणजे सरळ कडाच. १९७१च्या सुमारास जॅक यांचा मुलगा पॅट याने फळीला बांधायची रबरी दोरी पुढे आणली. जुन्या सर्फरांनी टर उडविली. दोरीतही दोष होता, ती फार ताणली जाई. एकदा ताणलेल्या दोरीने फळी उलटी उसळली आणि जॅक यांचा डावा डोळा गेला.

ज्या मालाने मालकाचा डोळा घेतला तो माल बाद झाला नाही. पुढे कमी ताणणाऱ्या पदार्थाच्या दोऱ्या निघाल्या आणि आज जवळजवळ प्रत्येक फळीला दोरी असते. काळ्या पट्टीचा, दाढीवाला ओ'नील यांचा चेहराच त्यांच्या मालाची ओळख बनला.

गावात आणखी धंदे निघाले. नोव्हाक, हाउट आणि शुअरमन या तिघा सर्फरांनी एन.एच.एस. नावाची कंपनी काढली. १९७३ साली हवाईच्या एका व्यापाऱ्याने ५०० स्केटबोर्डची मागणी केली, त्यातून 'सांताक्रूझ' नावाचे स्केटबोर्ड जन्मले आणि जगभर गेले. लाटा नसतील त्या दिवशी पोरांनी रस्त्यावर खेळावे, असा तो माल. १९८६ साली दीपगृहाच्या इमारतीत सर्फिंगचे संग्रहालयही उघडले.

एकाच दुकानाच्या भरवशावर

या कथेत धोक्याचे प्रसंगही आहेत. फळी बनविणारा कारागीर फोमचा कच्चा ठोकळा विकत आणतो, तासतो आणि त्यावर काचधाग्याचा थर देतो. अमेरिकेतील बहुतेक कारागीर हा ठोकळा दक्षिण कॅलिफोर्नियातील क्लार्क फोम या एकाच कारखान्यातून घेत. माल चांगला, भाव ठीक, पुरवठा नियमित. मग दुसरीकडे कशाला पाहायचे? ५ डिसेंबर २००५ रोजी मालक गॉर्डन क्लार्क यांनी पत्र पाठवून कारखाना अचानक बंद केला. सरकारी नियम आणि दावे यांची भीती त्यांनी कारण म्हणून सांगितली. साचेदेखील मोडून टाकले गेले. ठोकळ्यांचे भाव भडकले आणि ज्यांच्याकडे साठा नव्हता त्यांचे हात रिकामे राहिले. नवे कारखाने उभे राहून बाजार सावरेपर्यंत लहान कारागिरांचे हाल झाले. सूत एकाच दलालाकडून उचलणाऱ्या आमच्या बंधूंनी हा दिवस लक्षात ठेवावा.

दुसरा प्रसंग नावाचा. दक्षिणेकडील हंटिंग्टन बीच या गावाच्या पर्यटन मंडळाने 'सर्फ सिटी यू.एस.ए.' हे नाव २००६ साली ट्रेडमार्क म्हणून नोंदविले. सांताक्रूझही स्वतःला 'सर्फ सिटी' म्हणवीत आले होते आणि तेथील धक्क्यावरचे एक दुकान तसे शब्द छापलेले टी-शर्ट विकत होते. दुकानाला विक्री थांबविण्याची सूचना आली. प्रकरण न्यायालयात गेले आणि २००८ साली तडजोडीने मिटले. विक्री चालू राहिली. परंतु पिढ्यानपिढ्या तोंडी चालत आलेले नाव दुसऱ्याने कागदावर आधी नेले, तर वकिलाचे बिल आपल्याला भरावे लागते, हे यातून दिसले.

शिलाई गेली, भाडे वाढले

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. ज्या हातांनी हा कपडा घडविला त्यांच्याकडे काय राहिले?

सुरुवातीची वर्षे वेटसूट सांताक्रूझमध्येच कापले आणि शिवले जात. पुढे शिलाई आशियात गेली. आज जगातील वेटसूटचा मोठा हिस्सा तैवानी कंपन्यांच्या कारखान्यांत तयार होतो आणि त्यांचे बरेच काम थायलंडसारख्या देशांत चालते. निरनिराळ्या नावांचे, एकमेकांशी स्पर्धा करणारे कपडे पुष्कळदा एकाच छताखाली शिवलेले असतात. वेटसूटचे हुन्नर ज्या शिवणीत होते, ती शिवणच गावाबाहेर गेली. गावात राहिले ते नाव, दुकान, शिकवणी आणि पर्यटन.

त्यातून पैसा आला नाही असे नाही. पण लाटांची कीर्ती, विद्यापीठ आणि जवळच्या सिलिकॉन व्हॅलीचे पगार यांमुळे घरांचे भाव चढत गेले. 'नॅशनल लो इन्कम हाउसिंग कोअलिशन' या संस्थेच्या २०२३ आणि २०२४च्या अहवालांत भाड्याच्या घरांसाठी देशातील सर्वांत महाग शहरी भाग म्हणून सांताक्रूझ परिसराचेच नाव आहे. फळी तासणाऱ्या आणि दुकानात उभे राहणाऱ्या माणसाला त्याच गावात राहणे अवघड झाले. पाण्यातही गर्दी झाली. पूर्वी पाण्यात कोणी फिरकत नसे तेव्हा सर्वांना जागा होती. पुढे 'ही लाट आमची, बाहेरच्यांनी येऊ नये' अशी भांडणे होऊ लागली.

रबराचीही एक बाजू आहे. निओप्रीन ज्या रसायनापासून बनते त्या क्लोरोप्रीनला अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेने २०१० साली कर्करोग होण्याची शक्यता असलेला पदार्थ ठरविले. लुईझियाना राज्यात ते बनविणारा कारखाना होता. ड्यू पॉन्टकडून तो २०१५ साली डेन्का या जपानी मालकीच्या कंपनीकडे गेला. शेजारच्या वस्तीतील, मुख्यतः कृष्णवर्णीय, लोकांनी वर्षानुवर्षे तक्रारी केल्या. मे २०२५ मध्ये कंपनीने तेथील उत्पादन बेमुदत थांबविल्याचे जाहीर केले. दुसरीकडे पॅटागोनिया कंपनीने २०१६पासून झाडाच्या चिकापासून काढलेल्या रबराचे वेटसूट आणले आणि इतरही त्या वाटेने जाऊ लागले. थंड पाण्यात एकाला ऊब देणारा कपडा दुसऱ्याच्या दारात धूर सोडत असेल, तर गिऱ्हाईक आज ना उद्या विचारतेच.

गावाला परत काय दिले

जॅक ओ'नील २०१७ साली, वयाच्या ९४व्या वर्षी वारले. त्यांनी १९९६ साली एक काम सुरू केले. आपल्या मोठ्या शिडाच्या बोटीवर शाळकरी मुलांना नेऊन समुद्राची माहिती द्यायची. फी नाही. बदल्यात त्या वर्गाने आपल्या वस्तीसाठी एखादे सेवेचे काम करायचे. एक लाखाहून अधिक मुले या बोटीवर जाऊन आली आहेत. त्यांत कित्येक अशी, जी समुद्रापासून काही मैलांवर राहूनही कधी पाण्यावर गेली नव्हती. आपले म्हणणे असे होते की या बोटीचे काम ही त्यांच्या हातून घडलेली सर्वांत चांगली गोष्ट आहे, असे ते सांगत. ज्या पाण्याने रोजी दिली त्या पाण्याकडे परत काही जावे, ही समज आम्हाला मोलाची वाटते.

आमच्या व्यापारी आणि कारागीर बंधूंना यातून घेण्यासारखे आम्हाला दिसते ते एवढेच. गिऱ्हाईक का येत नाही हे त्याच्या जागी उभे राहून पाहावे. तेथे पाणी थंड होते, आपल्याकडे दुसरे काही असेल. कल्पना कोणाचीही असो, शिवण आपली असावी. कच्चा माल दोन ठिकाणांहून घ्यावा आणि नाव कागदावर करून ठेवावे. आणि हुन्नर दुसऱ्याच्या हाती सोपविताना आपल्या पोरांसाठी गावात काय उरेल, याचा हिशेब त्याच दिवशी करावा. सांताक्रूझमध्ये लाटा आजही येतात आणि अंगात कपडा घालून पोरे पहाटे पाण्यात जातात. तो कपडा शिवणारे हात मात्र आता समुद्रापलीकडे आहेत.